पोतदार : एका हुद्द्याची कुळकथा

महाराष्ट्रांतील आडनांवांत जुन्या राजवटींचें दफ्तर दडलेलें आहे, ही गोष्ट आमच्या वाचकांस नवी नाहीं. फडणीस, चिटणीस, सबनीस, मुजुमदार, हवालदार हे एके काळचे हुद्दे. आज तीं केवळ नांवें होऊन बसलीं आहेत. हुद्दा गेला, वेतन गेलें, इनामही बहुधा गेलें. परंतु नांव मात्र मुलांच्या दाखल्यांवर आणि दारावरच्या पाटीवर कायम राहिलें. यांपैकीं कित्येक नांवांचा अर्थ थोड्या विचारानें उलगडतो. चिटणीस म्हणजे चिठ्ठ्या, अर्थात् पत्रें लिहिणारा. पारसनीस म्हणजे फारशी पत्रव्यवहार पाहणारा. पण कांहीं नांवें अशीं आहेत कीं, त्यांचा अर्थ विचारला असतां दोन माणसें दोन उत्तरें देतात, आणि दोघेही आपल्या उत्तरावर ठाम असतात. ‘पोतदार’ हें त्यांतलेंच एक.

कांहीं दिवसांपूर्वीं एका लग्नाच्या मांडवांत या नांवावरून उडालेली चकमक आम्हीं प्रत्यक्ष ऐकिली. दोन गृहस्थ, दोघांचेंही आडनांव पोतदार. जात मात्र निराळी. पहिल्या गृहस्थांचें म्हणणें असें कीं, पोतदार म्हणजे सरकारी खजिनदार. त्याचा सोनारकामाशीं काडीचाही संबंध नाहीं. दुसरे गृहस्थ वयानें वडील. त्यांच्या घरीं पिढ्यान्‌पिढ्या सोनारकी चालत आलेली. ते म्हणाले, “अहो, आमच्या घराण्याकडे गांवची पोतदारी होती. आमचे पूर्वज नाणीं पारखीत; खजिना कसा असतो तें त्यांनीं कधीं पाहिलेंही नसेल.” शब्दानें शब्द वाढला. एकास वाटूं लागलें कीं, दुसरा आपली पायरी उतरवीत आहे. दुसऱ्यास वाटूं लागलें कीं, पहिला आपलें नांवच चोरीत आहे. इतक्यांत पान वाढल्याची वर्दी आली म्हणून बरें. उठतां उठतां ते वडील गृहस्थ आम्हांस म्हणाले, “तुम्ही जुनीं पुस्तकें चाळतां ना? मग तुम्हीच काय तो निवाडा करा.” त्या वेळीं आम्हीं हंसून वेळ मारून नेली. हा लेख म्हणजे त्यांस दिलेलें उशिराचें उत्तर होय.

प्रथम लोकांच्या तोंडीं असलेल्या व्युत्पत्त्या पाहूं. मराठींत ‘पोत’ हा शब्द अनेक अर्थांनीं नांदतो. कापडाचा पोत, गळ्यांतील मण्यांची पोत, गोंधळांत देवीपुढें पेटवावयाची पोत, आणि संस्कृतांत पोत म्हणजे नौका. याशिवाय धान्याचें पोतें आहेच. तेव्हां कोणी पोतदारास कापडाचा पारखी ठरवितात, कोणी मणी ओंवणारा, तर कोणी धान्याच्या कोठाराचा रखवालदार. या कल्पना ऐकावयास गोड आहेत. पण हुद्द्याचा अर्थ केवळ शब्दाच्या नादावरून ठरवूं लागलें म्हणजे माणूस असाच भरकटतो. शब्दाच्या शेवटीं ‘दार’ हा धारण करणारा या अर्थाचा फारशी प्रत्यय आहे, एवढ्यावरून पहिलें पदही फारशीच असलें पाहिजे असें म्हणतां येत नाहीं; कारण ‘ठाणेदार’ या शब्दांतलें ठाणें आपलेंच आहे. म्हणून शब्दाचा माग काढावयाचा तर तो ज्या कचेऱ्यांत वावरला त्या कचेऱ्यांतच गेलें पाहिजे.

असें गेलें असतां पहिला पुरावा मोंगल दरबारांत सांपडतो. अकबराच्या राज्यकारभाराची माहिती देणारा अबुल फज़लचा ‘आईन-इ-अकबरी’ हा ग्रंथ सोळाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत सिद्ध झाला. त्यांत परगण्याच्या खजिनदाराचीं कर्तव्यें सांगतांना, चालू भाषेंत यास ‘फोतेदार’ म्हणतात, असा स्पष्ट उल्लेख आहे. फारशींत ‘फोता’ म्हणजे मुळांत वस्त्र, कमरेस गुंडाळावयाचें कापड. कापडांत पैसा बांधावयाचा, म्हणून फोता म्हणजे पैशाची थैली. थैलींत सरकारचा वसूल यावयाचा, म्हणून फोता म्हणजे वसूल आणि शेवटीं खजिनाही. आपल्याकडे कनवटीचा पैसा म्हणतात तो प्रकार याहून फार दूरचा नव्हे. सारांश, फोतेदार म्हणजे थैली धारण करणारा.

आतां ‘फो’ चा ‘पो’ कसा झाला, अशी शंका कोणी घेईल. तिचें उत्तर वर आलेल्या पारसनीस या नांवांतच आहे. फारशी लिहिणारा तो ‘फारसनवीस’. त्याचा आपण पारसनीस केला, तसाच फोतेदाराचा पोतदार केला. त्यांतून घरांत धान्याचें पोतें होतेंच. तेव्हां परका ‘फोता’ आपल्या ‘पोत्या’च्या ओळखीनें घरांत शिरला असल्यास नवल नाहीं. याच शब्दाचे भाऊबंद हिंदुस्थानभर पसरलेले आहेत. काश्मिरांत फोतेदार हें आडनांव मूळच्या ‘फ’सह जिवंत आहे, बंगाल्यांत आणि राजपुतान्यांतील शेखावाटींत त्याचें पोद्दार झालें. एकाच हुद्द्याचीं हीं तीन रूपें.

येथपर्यंत पाहतां पहिल्या गृहस्थांची बाजू खरी ठरते. मराठी राज्यांतही ‘पोतें’ या शब्दाचा हा दरबारी अर्थ कायम होता. राज्यकारभाराच्या अठरा कारखान्यांबरोबर जे बारा महाल सांगितले जातात, त्यांच्या यादींत टांकसाळ, पागा, कोठी, इमारत यांच्या जोडीला पोतें हा एक महाल आहे, आणि त्याचा अर्थ रोकड खजिना असाच आहे. दिवाण, मुजुमदार, फडणीस, सबनीस, कारखाननीस, चिटणीस, जामदार आणि पोतनीस हे जे आठ दरकदार सांगतात, त्यांतला पोतनीस याच पोत्याचा अधिकारी. एकाच पोत्यावर दोन नांवें उभीं राहिलीं : ‘नीस’ हा शब्द ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा याचें रूप असल्यामुळें पोतनीस हा मुळांत लेखणीचा माणूस, आणि पोतदार हा हाताचा माणूस.

परंतु दुसऱ्या गृहस्थांची बाजूही तितकीच पुराव्याची आहे. पेशवाई बुडाल्यावर माउंट स्टुअर्ट एल्फिन्स्टननें जिंकलेल्या मुलुखाविषयीं १८१९ सालीं जो अहवाल लिहिला, त्यांत गांवच्या वतनदार-बलुतेदारांमध्यें पोतदाराची गणना आहे. आणि हा पोतदार म्हणजे गांवचा सोनारच, जो सरकारांत भरावयाच्या आणि लोकांच्या आपसांतल्या देण्याघेण्याच्या पैशाची परीक्षा करतो. मोल्सवर्थच्या कोशांतही पोतदाराचे दोन्ही अर्थ शेजारीं शेजारीं दिलेले आहेत : खजिन्यांत येणाऱ्या नाण्यांची पारख करणारा अंमलदार, आणि गांवचा सोनार. मग थैली धारण करणारा मनुष्य कसोटीचा दगड हातीं घेऊन कधीं बसला? आमच्या मतें या प्रश्नाचें उत्तर कोशांत नसून त्या काळच्या नाण्यांत आहे.

अकबराच्या फोतेदारास काय सांगितलें होतें तें पाहावें. रयत जें नाणें आणील तें त्यानें घ्यावें, अमुकच नाणें पाहिजे असा हट्ट धरूं नये. चालू बादशाही नाण्यावर कसर मागूं नये, वजनांत जेवढी तूट असेल तेवढीच भरून घ्यावी. मागील राजांचीं नाणीं मात्र धातूच्या भावानें घ्यावीं. राज्य एक, शिक्का एक आणि टांकसाळीवर जरब, अशा स्थितींत पारखण्याचें काम थोडें आणि सांभाळण्याचें फार. म्हणून तेथें थैलीस महत्त्व. खजिन्यास एकाहून अधिक कुलुपें असावीं आणि साऱ्या किल्ल्या एकाच्या हातीं नसाव्या, ही खबरदारीही तेथें सांगितलेली आहे.

अठराव्या शतकांत हें चित्र पार पालटलें. बादशाही खिळखिळी झाली. पण बादशहाचें नांव मात्र नाण्यांवरून गेलें नाहीं. छत्रपति शिवाजी महाराजांच्या होनावर आणि शिवराईवर नागरी अक्षरें होतीं. पुढें मराठ्यांच्या ताब्यांतील टांकसाळींतून जे रुपये पडूं लागले, त्यांवर मात्र दिल्लीच्या बादशहाचेंच नांव, तेंही फारशी लिपींत. पुण्याच्या रुपयावर अंकुशाची खूण, म्हणून तो अंकुशी. चांदवडचा तो चांदवडी. बागलकोटचा तो मल्हारशाही. त्यांशिवाय सुरती होता, नागपुरी होता. नांव बहुधा एकाच बादशहाचें, पण कस निराळा, वजन निराळें आणि भावही निराळा. त्यांत आणखी भर अशी कीं, ठसा मोठा आणि चांदीची चकती लहान, त्यामुळें पुरी अक्षरें नाण्यावर उमटतच नसत. ज्या कुणब्यास नागरी अक्षर वाचतां येत नव्हतें, त्यानें अर्धवट उमटलेली फारशी वाचून रुपया ओळखावा कसा? टांकसाळी बहुधा मक्त्यानें चालत. मक्तेदाराचा नफा हिणकस धातूंत असे. थोरल्या माधवराव पेशव्यांच्या कारकीर्दींत धारवाडकडील खाजगी टांकसाळी मोडून सरकारी देखरेखीची एकच टांकसाळ चालविण्याचा प्रयत्न झाला, यावरूनच हें दुखणें किती वाढलें होतें तें दिसतें.

अशा काळीं गांवांत थैली सांभाळणाऱ्याचें महत्त्व तें काय राहणार? थैली लहान, आणि ती दोन-चार दिवसांत वर जावयाची. खरा प्रश्न थैलींत पडणारा प्रत्येक रुपया खरा कीं खोटा, आणि खरा असेल तर कितीचा, हाच. तो सोडविण्याची विद्या गांवांत एकाच माणसाजवळ होती, आणि तो सोनार. तो रुपया दगडावर आपटून नाद ऐके. कांट्यांत घालून मासे आणि गुंजा पाही. कसोटीवर घांसून रेघेचा रंग पारखी. संशय फारच वाढला तर तापवून किंवा सुईसारख्या शलाकेनें भोंक पाडून आंतला धातु बाहेर काढी. आठ गुंजांचा मासा आणि बारा माशांचा तोळा. दोन गुंजांची तूट म्हणजे रयतेच्या दृष्टीनें कांहींच नाहीं, पण शंभर रुपयांवर तीच तूट दोन तोळ्यांहून अधिक होते. याप्रमाणें नांव दरबाराचें आणि काम सोनाराचें, असा संयोग होऊन गांवचा पोतदार उभा राहिला. हुद्द्याचा अर्थ बिघडला नाहीं. राज्याच्या नाण्यावरचा भरंवसा उडाला, म्हणून हुद्द्याचें ओझें थैलीवरून डोळ्यांवर आलें. गुजराथेंत पारख करणारे ते पारेख आणि नाण्यांचा व्यवहार करणारे ते नाणावटी. हीं नांवें बाजारानें दिलेलीं दिसतात. पोतदार हें नांव मात्र सारावसुलीच्या वाटेनें आलें, म्हणून त्यास दरबारी पोषाख आहे.

या पोषाखाच्या आंत काय चाले, तेंही पाहिलें पाहिजे. नाहींतर ही चर्चा केवळ शब्दांची राहील. हप्त्याचे दिवस आले आहेत. चावडींत पाटील बसला आहे, कुलकर्णी दफ्तर उघडून बसला आहे आणि बाजूस कांटा व कसोटी घेऊन पोतदार. कुणब्यानें धान्य विकून किंवा सावकाराच्या हातापायां पडून दहा रुपये आणिले आहेत. हे दहा रुपये दहाच आहेत, असें त्यास वाटतें. पण पोतदार त्यांतले तीन बाजूला सारतो : यांवर बट्टा. म्हणजे दहा देऊनही दहा फिटले नाहींत. बट्टा किती, हें कुणब्यास कळत नाहीं. कां, हें तर मुळींच कळत नाहीं. सावकारानें देतांना तेच रुपये पुऱ्या भावानें गळ्यांत बांधलेले असतात. जमिनीचा सारा ठरविणारा दूर, टांकसाळीचा मक्तेदार त्याहून दूर. हिणकस चांदीचें पाप त्यांचें, पण तें उच्चारून दाखविणारें तोंड पोतदाराचें. तेव्हां रयतेचा तळतळाट कोणास लागावयाचा, हें उघड आहे.

पोतदार सारेच सत्यवादी होते, असें आम्हांस मुळींच म्हणावयाचें नाहीं. जो नाणें पारखतो तोच चांदी आटवितो; ज्याच्या शब्दावर तूट ठरते, त्याचाच हात कांट्यावर असतो. एवढा मोह रोज समोर ठेवून माणूस नेहमींच सरळ राहील, ही अपेक्षा करणें व्यर्थ आहे. आणि आपल्या लोकोक्तींनीं सोनारास फारशा ममतेनें वागविलेलें नाहीं, हेंही खरें. परंतु दुसरी बाजू कोणी बोलून दाखवीत नाहीं. जो समाज सोनाराविषयीं इतका संशयी होता, त्याच समाजानें आपला सगळा रोकड व्यवहार त्याच्या डोळ्यांवर सोंपविला होता. मुलीच्या लग्नांतले रुपये, बैलाच्या विक्रीचे रुपये, सरकारच्या हप्त्याचे रुपये, सारे त्याच्या कसोटीवरून जात. त्या काळच्या अनेक रुपयांवर सराफांनीं उमटविलेलीं बारीक चिन्हें आजही दिसतात. प्रत्येक चिन्ह म्हणजे, ‘हा मीं पाहिला आहे’, अशी कोणा एकाची निनांवी ग्वाही. राज्याचा शिक्का ज्या गोष्टीची हमी देऊं शकत नव्हता, तिची हमी हा गांवचा माणूस आपल्या अब्रूवर देत होता. तो खोटा निघाला तर त्यास गांवांतच तोंड दाखवावयाचें असे. मक्तेदारास तें भय नव्हतें.

हा हुद्दा संपला तो मात्र एका कायद्यानें. १८३५ सालीं ईस्ट इंडिया कंपनीनें आपल्या मुलुखासाठीं एकसारखा रुपया ठरविला : वजन १८० ग्रेन, त्यांत बारा भागांपैकीं अकरा भाग, म्हणजे १६५ ग्रेन शुद्ध चांदी. वर बादशहाचें नांव नाहीं, तर इंग्लंडच्या चौथ्या विल्यमचें मुख. यंत्रानें पाडलेला, वाटोळा, कांठाला सारख्या रेघा असलेला. कातरून चांदी काढली तर लगेच डोळ्यांस दिसावें असा. लोकांनीं त्यास नांव दिलें ‘कलदार’. कल म्हणजे यंत्र. यंत्राचा रुपया तो कलदार. आमच्या वाचकांच्या लक्षांत आलेंच असेल कीं, ‘दार’ येथेंही आहे. पोतदाराची पोतदारी या नव्या दारानें घेतली. जुने रुपये एका दिवसांत नाहींसे झाले नाहींत, आणि संस्थानी मुलुखांत तर निराळीं नाणीं फार दिवस चाललीं. निजामच्या राज्यांतील मराठवाड्यांत हाली सिक्का आणि कलदार असा दुहेरी हिशेब १९४८ नंतरही कांहीं वर्षें लोकांच्या तोंडीं होता. पण गांवच्या चावडींतली कसोटी हळूहळू उठली. पोतदार दागिने घडवीत राहिला; हुद्द्याचें मात्र आडनांव झालें.

तरी त्याची विद्या समूळ गेली, असें आम्हांस वाटत नाहीं. ती भाषेंत उतरली. एखाद्याचें भाषण खणखणीत झालें असें आपण म्हणतों, तेव्हां आपण त्याचे शब्द पोतदाराच्या दगडावर आपटून पाहत असतों. आवाज बद्द आला म्हणजे मनांत किंतु येतो. कुळाच्या नांवाला बट्टा लागूं नये म्हणून आपण जपतों, तो बट्टा चावडींतलाच. हुंडी वटते, माणूस कसोटीस उतरतो, नोकर तावून सुलाखून घेतात. यांतलें ‘सुलाखणें’ म्हणजे नाण्यास भोंक पाडून आंतला धातु पाहणें, हें आज किती जणांस ठाऊक असेल? हे शब्द रोज वापरणाऱ्या घरांत कोणीही रुपया सुलाखलेला नसतो. अनुभव विसरला गेला. पण त्यानें दिलेली सावधगिरी बोलण्यांत राहिली.

आतां मांडवांतल्या त्या दोघां गृहस्थांचा निवाडा. दोघेही खरे आहेत, आणि दोघांचीही चूक एकच : आपला अर्थ तेवढा खरा, असें त्यांनीं धरलें. परगण्याच्या कचेरींत जो पोतदार होता, तो रोकडीचा अंमलदार; तेथें ज्या जातीचा मनुष्य नेमला गेला, त्या जातींत तें आडनांव आलें. गांवच्या चावडींत जो पोतदार होता, तो पारखी. तें काम सोनाराचें, म्हणून सोनारांत तें नांव आलें. हुद्दा जातीचा नव्हे, कामाचा असतो. जात त्यास मागाहून चिकटते. ज्यास खजिनदार पूर्वज हवा आहे त्यानें सोनारास नाकारण्याचें कारण नाहीं. कारण पारखल्यावांचून भरलेला खजिना म्हणजे नुसतें धातूचें ओझें. आणि ज्याच्या घरीं कसोटीचा दगड होता त्यानेंही दरबारी नांवाचा संकोच बाळगूं नये; त्या दगडावांचून दरबारास एक हप्ता घेतां आला नसता.

हें नांव धारण करणाऱ्यांत महामहोपाध्याय दत्तो वामन पोतदार हे आमच्या सर्वांच्या परिचयाचे. १८९० ते १९७९ एवढ्या दीर्घ आयुष्यांतला मोठा भाग त्यांनीं इतिहाससंशोधनांत आणि पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळाच्या कार्यांत घालविला. जुना कागद हातीं आला म्हणजे तो अस्सल कीं बनावट, हें पाहणें हें संशोधकाचें पहिलें काम. घराण्यांच्या कैफियतींत आणि लग्नाच्या मांडवांत सांगितल्या जाणाऱ्या इतिहासासही तीच परीक्षा लागूं करावयास हवी. आमचा हा लहानसा निवाडाही वाचकांनीं तसाच वाजवून घ्यावा. त्या वडील गृहस्थांस आम्हीं याची एक प्रत पाठविण्याचें ठरविलें आहे. दुसरी अर्थात् त्यांच्या प्रतिपक्षास.